कोपऱ्यातला चौकोन : खेळ, चेहरा आणि साक्ष

राहुरी तालुक्यातल्या एका गावात माझी बहीण राहते. तिच्या धाकट्या मुलाने बारावीनंतर एक जुना संगणक घेतला, त्याला एक साधा वेबकॅम जोडला आणि पत्र्याच्या खोलीत बसून तो खेळ रेकॉर्ड करू लागला. खेळाचे नाव 'बस सिम्युलेटर इंडोनेशिया'. मलेओ या इंडोनेशियन कंपनीने २०१७ साली आणलेला हा मोबाइलवरचा खेळ. त्यात आपल्या बसला हवा तो रंग, हवी ती पाटी, हवे ते रूप देता येते. त्यामुळे महाराष्ट्रातल्या मुलांनी या खेळात एसटीची लालपरी कधीच उतरवली आहे. भाच्याच्या व्हिडिओत जावा बेटाच्या रस्त्यावरून एक एसटी धावते. पाट्या इंडोनेशियन भाषेत, दुकाने तिकडची, झाडे तिकडची. बसच्या कपाळावर मात्र 'अहिल्यानगर – पुणे'. इंडोनेशियातही वाहने रस्त्याच्या डाव्या बाजूने चालतात, म्हणून ही बस तिथे परकी वाटत नाही. आणि पडद्याच्या खालच्या कोपऱ्यात, हाताच्या पंजाएवढ्या चौकोनात, भाच्याचा चेहरा : कानावर हेडफोन, मागे पत्र्याची भिंत, भिंतीवर कारखान्याचे कॅलेंडर.

प्रस्तुत लेख या चौकोनाविषयी आहे. मुले त्याला 'फेसकॅम' म्हणतात. खेळाचे चित्र आणि खेळणाऱ्याचा चेहरा एकाच चौकटीत, एकाच वेळी दाखवण्याची ही रीत गेल्या वीस वर्षांत जगभर रूढ झाली. आपल्या घरांतली चौदा ते चोवीस वयाची मुले नाटक, सिनेमा आणि मालिका यांपेक्षा हा प्रकार अधिक पाहत असतील, असा माझा अंदाज आहे. तरीही मराठी समीक्षेने त्याची दखल घेतलेली माझ्या वाचनात नाही. 'मुले मोबाइलमुळे बिघडली' हा एक सूर आणि 'यूट्यूबवरून लाखो कमावणारा तरुण' हा दुसरा, एवढ्यावर आपली चर्चा थांबते. एखादी कृती चांगली की वाईट, ती कशामुळे जिवंत होते, तिच्यात काय खोटे आहे, हे प्रश्न कोणी विचारत नाही. ते विचारून पाहावेत, एवढाच हेतू.

थोडा इतिहास

वेबकॅमचा जन्म चेहऱ्यासाठी झाला नाही. १९९१ साली केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत कॉफीच्या भांड्यावर एक कॅमेरा लावला गेला. भांड्यात कॉफी उरली आहे की नाही हे जागेवरून न उठता कळावे, एवढाच त्याचा उपयोग. २००१ मध्ये तो बंद झाला. दरम्यान १९९६ साली अमेरिकेत एका विद्यार्थिनीने आपल्या खोलीत कॅमेरा लावून स्वतःचे रोजचे जगणे इंटरनेटवर खुले केले होते. 'जेनिकॅम' या नावाने ते सात वर्षे चालले. एका कॅमेऱ्याने वस्तूवर नजर ठेवली, दुसऱ्याने माणसावर. फेसकॅममध्ये या दोन्ही नजरा एकत्र आल्या.

खेळ खेळताना पाहणे हे मनोरंजन होऊ शकते, हे दूरचित्रवाणीने आधी ओळखले. जपानमध्ये २००३ पासून 'गेमसेंटर सीएक्स' हा कार्यक्रम सुरू झाला. शिन्या अरिनो नावाचा विनोदी नट जुने, अवघड खेळ खेळत बसतो, हरतो, कपाळाला हात लावतो, पुन्हा सुरू करतो. कॅमेरा कधी खेळावर, कधी त्याच्यावर. अमेरिकेत त्याच दशकाच्या मध्याला काही हौशी मंडळींनी खेळाची चित्रे आणि सोबत स्वतःची टिप्पणी असा 'लेट्स प्ले' हा प्रकार रुजवला. पुढे २००७ मध्ये जस्टिन डॉट टीव्ही, त्यातून २०११ मध्ये ट्विच, आणि २०१४ मध्ये अ‍ॅमेझॉनने ट्विच सुमारे ९७ कोटी डॉलरना घेतले, हा पैशाचा इतिहास झाला. तंत्राच्या इतिहासात महत्त्वाचे वर्ष २०१२. त्या वर्षी ओबीएस हे फुकट आणि खुले सॉफ्टवेअर आले. त्याआधी पडदा आणि कॅमेरा एकत्र रेकॉर्ड करणे खर्चाचे किंवा कटकटीचे काम होते.

आपल्याकडे हा प्रकार आला तो दोन पावलांनी. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओमुळे डेटा स्वस्त झाला; २०१८ मध्ये पबजी मोबाइल आला. नगर जिल्ह्यातल्या कोणत्याही एसटी स्टँडवर, कोणत्याही कॉलेजच्या कट्ट्यावर, आडवा धरलेला मोबाइल आणि त्यावर वाकलेली चार डोकी हे दृश्य तेव्हापासूनचे. त्या चार डोक्यांपैकी एकच खेळत असे. तिघे पाहत. हे पाहणारे तिघे म्हणजे या कलाप्रकाराचा पहिला प्रेक्षक.

तंत्राचे व्याकरण

या प्रकाराचे व्याकरण तंत्रात दडलेले आहे, म्हणून ते थोडे समजून घ्यायला हवे. ओबीएसमध्ये 'सीन' असतो आणि त्यात एकावर एक ठेवलेले थर असतात. खाली खेळाचा पडदा, वर वेबकॅमचे चित्र, त्यावर हवे तर नाव किंवा पाटी. चौकोन कुठे ठेवायचा हा पहिला निर्णय. खेळाच्या पडद्यावर नकाशा, वेग, उरलेला जीव अशा खुणा ठरलेल्या जागी असतात. चेहरा त्यांवर आला तर प्रेक्षक चिडतो. म्हणून चेहऱ्याला मिळते ती खेळाने सोडलेली जागा. चित्रपटात चौकट चेहऱ्याभोवती रचली जाते; इथे चेहरा उरलेल्या जागेत बसतो.

दुसरी गोष्ट वेळेची. वेबकॅमचे चित्र, माइकचा आवाज आणि खेळाचे चित्र वेगवेगळ्या वाटांनी येतात आणि त्यांत क्षणाच्या काही भागाचा फरक पडतो. बस खड्ड्यात आधी आदळते आणि 'आईऽ' नंतर येते, तर चालते. 'आईऽ' आधी आले आणि बस नंतर आदळली, तर सगळा खेळ फसतो. म्हणून ही मुले सुरुवातीला कॅमेऱ्यासमोर एक टाळी वाजवतात आणि त्या टाळीवर आवाज व चित्र जुळवतात. सिनेमातल्या क्लॅपचेच हे काम. भाच्याला हे कोणी शिकवले नव्हते.

तिसरी गोष्ट खोलीची. साधा माइक फक्त खेळाडूचा आवाज घेत नाही. कुकरची शिट्टी, पावसाळ्यात पत्र्यावर वाजणारा पाऊस, शेजारच्या गोठ्यातले हंबरणे, 'जेवायला ये रे' अशी हाक हे सगळे त्यात येते. पैसेवाले यूट्यूबर मागे हिरवा पडदा लावून खोली पुसून टाकतात. चेहरा कापून खेळावर चिकटवल्यासारखा दिसतो. ज्यांच्याकडे हिरवा पडदा नाही त्यांची खोली दिसते. समाजशास्त्रज्ञाला एखाद्या गावातल्या घराचे जे टिपण करायला आठ दिवस लागतील, ते इथे कोपऱ्यातल्या चौकोनात कोणी न मागता नोंदले जाते.

चौथी गोष्ट विजेची. ओबीएसमध्ये रेकॉर्डिंग एमपी४ या साध्या प्रकारात चालू असताना वीज गेली, तर ती फाइल बहुधा उघडतच नाही. कारण तिचा ताळमेळ शेवटी लिहिला जातो. एमकेव्ही या प्रकारात मात्र वीज जाईपर्यंतचे सगळे वाचते. इन्व्हर्टर नसलेल्या घरातला मुलगा हा धडा एकदाच शिकतो. या एमकेव्हीकडे आपण शेवटी परत येणार आहोत.

पूर्वज शोधण्याचा मोह

अशा विषयावर लिहिताना मराठी लेखकाला एक मोह होतो : हे सगळे आपल्याकडे आधीच होते, असे म्हणण्याचा. तो पूर्ण टाळावा असेही नाही, पण तपासून घ्यावा.

पिंगुळीचा चित्रकथी एकेक चित्र पुढे धरतो आणि कथा सांगतो. चित्र आणि सांगणारा दोघेही डोळ्यांपुढे असतात, हे साम्य खरे. पण चित्रकथीला पुढचे चित्र माहीत असते. गेम खेळणाऱ्याला पुढच्या क्षणी काय होणार हे माहीत नसते. निदान नसावे, असा करार असतो. हाच फरक जपानच्या मूकपटांतल्या 'बेन्शी' निवेदकांनाही लागू होतो.

जवळचे साम्य मला वाटते ते जत्रेतल्या कुस्त्यांच्या हगाम्याचे. फडात कुस्ती चालू असते, हलगी वाजत असते आणि माइकवरचा निवेदक कुस्ती 'सांगत' असतो : कोण कुठल्या तालमीचा, कुणाचा पट्ठा, डाव कोणता. पुढे काय होणार हे त्यालाही ठाऊक नसते. पण तो स्वतः लढत नसतो. फेसकॅममध्ये लढणारा आणि सांगणारा एकच आहे. पैलवानाने पकडीत असताना स्वतःच्याच कुस्तीचे निवेदन करावे, तसे हे आहे. हे अवघड काम आहे आणि चांगल्या गेमरचे कौतुक इथून सुरू व्हायला हवे. हात एक गोष्ट करत असताना तोंडाने दुसरी गोष्ट रंगवायची, आणि दोन्हींत चूक होऊ द्यायची नाही.

तमाशाचे काय? संगमनेर तालुक्यातल्या हिवरगावची पवळा आणि संगमनेरला आयुष्य काढलेल्या कांताबाई सातारकर यांचा हा जिल्हा. बतावणीतला सोंगाड्या कथेच्या आतही असतो आणि बाहेरही. प्रसंग चालू असताना तो प्रेक्षकाशी बोलतो. गेमरही खेळाच्या आत बस चालवतो आणि बाहेर आपल्याशी बोलतो. इथवर ठीक. पण सोंगाड्यापुढे माणसे बसलेली असतात. त्याची कोटी पडली की त्याला त्याच क्षणी कळते. भाच्यापुढे भिंत असते. तो रिकाम्या खोलीत 'मित्रांनो' म्हणतो. हसू येईल की नाही हे त्याला दोन दिवसांनी आकड्यावरून कळते, तेही अर्धवट. तमाशाच्या फडात वाढलेले कौशल्य आणि रिकाम्या खोलीत वाढलेले कौशल्य एक नव्हे. म्हणून या मुलांच्या बोलण्यात तो चढा, सतत ओरडता सूर येतो. समोर कोणी नसल्याची ती भरपाई आहे.

माझ्या मते या जिल्ह्यातले सर्वांत नेमके उदाहरण रंगभूमीवर नाही, रस्त्यावर आहे. १ जून १९४८ रोजी एसटीची पहिली बस नगर–पुणे मार्गावर धावली. चालक किसन राऊत आणि वाहक लक्ष्मण केवटे ही नावे एसटीच्या इतिहासात नोंदली आहेत. एसटीत दोन माणसे लागतात. एक गाडी चालवतो आणि गप्प असतो. दुसरा गाडी चालवत नाही, पण 'सुपाऽ, शिरूरऽ, उतरा' म्हणत प्रवासाला नाव देतो. चालकाची पाठ आपल्याला दिसते, वाहकाचा चेहरा. सिम्युलेटर खेळणारा मुलगा खेळात चालक असतो आणि कोपऱ्यातल्या चौकोनात वाहक. भाचा जावाच्या रस्त्यावर एखादे गाव आले की म्हणतो, 'सुपा आलं, चहाला दहा मिनिटं.' खेळात सुपा नसते. ते त्या चौकोनातून येते. खेळ बनवणाऱ्यांनी दिलेल्या जगात जे नाही ते चेहऱ्याने आणि आवाजाने भरणे, ही या प्रकाराची खरी निर्मिती आहे.

जाता जाता एक नोंद. डिसेंबर २०१६ मध्ये इंडोनेशियात 'ओम तेलोलेत ओम' ही लाट आली होती. रस्त्याकडेची मुले बसचालकांना 'काका, तो हॉर्न वाजवा' अशी विनवणी करत आणि चालक सुरेल हॉर्न वाजवत. तो हॉर्न या खेळातही आहे. म्हणजे मुलांनी रस्त्याकडेला उभे राहून केलेले एक कौतुक खेळात शिरले आणि तिथून नगर जिल्ह्यातल्या पत्र्याच्या खोलीत वाजू लागले.

सात्त्विक भाव आणि थंबनेल

आता मूल्यमापनाकडे. फेसकॅमची कसोटी काय? इथे भरताच्या नाट्यशास्त्राची मला मदत झाली. भावांची चर्चा करताना त्यात आठ सात्त्विक भाव सांगितले आहेत : स्तंभ, स्वेद, रोमांच, स्वरभेद, वेपथू, वैवर्ण्य, अश्रू आणि प्रलय. शरीर गोठणे, घाम, काटा, आवाज फाटणे, थरथर, रंग उडणे, डोळे भरणे, भान जाणे. हात हलवणे किंवा भुवई उडवणे यांसारखे हे ठरवून करता येत नाहीत.

फेसकॅम नेमका यांच्या शोधात असतो. भीतीचे खेळ या प्रकारात इतके लोकप्रिय झाले त्याचे कारण हेच. २०१० मध्ये प्युडीपाय या नावाने चॅनेल सुरू करणारा स्वीडिश तरुण 'अ‍ॅम्नेशिया' हा अंधाऱ्या किल्ल्यातला खेळ खेळताना दचकत असे आणि लोक खेळ सोडून त्याचे दचकणे पाहत. राक्षस सगळ्यांना सारखाच दिसतो. दचकणे ज्याचे त्याचे.

अडचण अशी, की ज्याला भाव येतो त्याला लवकरच बाजारभावही येतो. दचकण्याला प्रेक्षक मिळतात हे कळले की दचकणे वाढते. मग थंबनेलवर तोंडाचा आ, डोळे विस्फारलेले, लाल बाण. व्हिडिओ उघडण्याआधीच भाव जाहीर. यावर 'सगळे खोटे आहे' असा शेरा मारून मोकळे होणे सोपे आहे. पण भरत हे इतके सोपे करत नाही. सत्त्व मनातून उपजते आणि एकाग्र झालेल्या मनालाच ते साधते, असे तो मानतो. आणि नटाने ते रंगभूमीवर साधावे अशी त्याची अपेक्षा आहे. म्हणजे भाव 'आणलेला' असणे हा दोष नाही. मन तिथे नसताना आणलेला असणे हा दोष आहे.

फेसकॅमवर हा दोष पकडता येतो, आणि तो डोळ्यांत पकडता येतो. खेळात गुंतलेल्या माणसाचे डोळे पडद्यावर असतात. तो आपल्याकडे पाहत नाही. ज्या क्षणी तो दचकायच्या आधी कॅमेऱ्याकडे पाहतो, त्या क्षणी कळते की मन खेळात नव्हते. माझी कसोटी अशी : चौकोन झाकून व्हिडिओ पाहावा, मग खेळ झाकून चौकोन पाहावा. दोन्ही वेळा तेच कळत असेल, तर चौकोन निरुपयोगी आहे. राक्षस आला आणि चेहरा घाबरला, यात नवे काही नाही. पण बस सरळ, मोकळ्या रस्त्याने चालली आहे आणि चालवणाऱ्याचा चेहरा हळूहळू विझत चालला आहे, तर तिथे दोन गोष्टींमध्ये काहीतरी तिसरे घडते आहे.

हात, चेहरा आणि पंच

भारतीय मोबाइल गेमिंगने फेसकॅमला एक जोड दिली : 'हँडकॅम'. पबजी आणि फ्री फायरच्या दिवसांत फार चांगला खेळणाऱ्यावर 'हॅक वापरतो' असा आरोप हमखास होई. त्याला उत्तर म्हणून खेळाडू कॅमेरा चेहऱ्यावरून काढून हातांवर लावू लागले. पडद्यावर फिरणारी बोटे हाच पुरावा. चेहरा भावनेची साक्ष देतो, हात कौशल्याची. जो चेहरा दाखवतो त्याला आवडून घ्यायचे असते. जो हात दाखवतो त्याला फक्त खरे ठरायचे असते.

पण चित्र साक्ष देते म्हणजे निकाल देते असे नाही. फेब्रुवारी २०२५ मध्ये अहिल्यानगरला वाडिया पार्कवर झालेली महाराष्ट्र केसरी स्पर्धा आठवावी. शिवराज राक्षे आणि पृथ्वीराज मोहोळ यांच्या लढतीत पंचांनी राक्षे चीत झाल्याचे जाहीर केले. खांदे टेकलेच नाहीत, असे त्याचे म्हणणे होते. वाद पंचांना लाथ मारण्यापर्यंत गेला, आणि पुढे त्याच्यावर निलंबनाची कारवाई झाली. त्या रात्रीपासून जिल्ह्यातल्या प्रत्येक मोबाइलवर तो क्षण फिरत होता. थांबवून, मोठा करून, संथ करून. एकाच चित्रावरून अर्धे लोक 'टेकले' म्हणत आणि अर्धे 'नाही टेकले'. मला त्या चित्रफितींत अधिक बोलका वाटला तो पैलवानाचा चेहरा, निकाल ऐकल्यानंतरच्या पहिल्या क्षणाचा. तो चेहरा खांद्याबद्दल काहीच सिद्ध करत नाही. पण त्या माणसाला काय गमावल्यासारखे वाटले हे तो सांगतो, आणि त्यावर पंचाची गरज नाही.

लपलेले चेहरे

ज्यांनी चौकोन रिकामा ठेवला त्यांच्याविषयी बोलल्याशिवाय हा विषय पुरा होत नाही. अहमदाबादचा 'टोटल गेमिंग' हा भारतातल्या सर्वांत मोठ्या गेमिंग चॅनेलांपैकी एक. तो चालवणाऱ्या अज्जूभाईने २०२४ पर्यंत चेहरा दाखवला नव्हता. कोट्यवधी मुलांनी फक्त आवाज ऐकला. चेहरा नसल्याने ऐकणाऱ्या प्रत्येक मुलाने त्या आवाजाला आपल्या गल्लीतल्या एखाद्या थोरल्या भावाचा चेहरा दिला असावा.

याच्या उलट टोकाचे उदाहरण याच जिल्ह्यात आहे. नगरजवळच्या अरणगावला, मेहेराबादेत, मेहेरबाबांनी १० जुलै १९२५ पासून मौन धरले ते १९६९ मध्ये देह ठेवीपर्यंत. १९३२ साली लंडनमध्ये पॅरामाउंटच्या वृत्तपटासाठी त्यांचे चित्रण झाले. त्यात ते अक्षरफलकावर बोट फिरवतात आणि शेजारी बसलेले चार्ल्स पर्डम ते वाचून बोलतात. चेहरा एकाचा, आवाज दुसऱ्याचा. अध्यात्माचा भाग बाजूला ठेवला, तरी पडद्यावर चेहरा आणि आवाज वेगळे झाले की दोन्हींचे वजन वाढते, हे ती चित्रफीत आणि अज्जूभाईचे चॅनेल दोन्ही दाखवतात.

मात्र चेहरा दाखवण्याची किंमत सगळ्यांना सारखी नसते. एप्रिल २०२४ मध्ये पंतप्रधानांनी सात गेमर्सची भेट घेतली. त्यांत मुलगी एकच होती : छिंदवाडा जिल्ह्यातली पायल धारे. मुलाच्या चेहऱ्यावर लोक हसतात, मुलीच्या चेहऱ्यावर लोक काय लिहितात हे सांगायला नको. त्या भेटीत मिथिलेश पाटणकर, म्हणजे 'मिथपॅट', हे मराठी नावही होते. त्याचे व्हिडिओ हिंदीत असतात. त्याला दोष देण्याचे कारण नाही. प्रेक्षक मोजून भाषा निवडणे हे हिंदी सिनेमात गेलेल्या मराठी माणसांनी शंभर वर्षे केले आहे. पण त्याचा परिणाम नगर जिल्ह्यातल्या मुलावर काय होतो, हे मी जवळून पाहिले आहे. भाचा घरी बोलतो ती राहुरीकडची मराठी. व्हिडिओत तो आधी पुस्तकी मराठी बोलू लागला, मग 'तो दोस्तों' आले. प्रत्येक पायरीवर त्याचा चेहरा थोडा आखडत गेला. भाषा बदलली की डोळे आधी शब्द शोधतात आणि मग रस्ता पाहतात. हा आखडलेपणा फेसकॅम लपवू शकत नाही.

या धंद्याची अनिश्चितता वेगळीच. सप्टेंबर २०२० मध्ये पबजीवर बंदी आली, फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायरवर. पबजीच्या जागी जुलै २०२१ मध्ये आलेला बीजीएमआय वर्षभराने थांबवला गेला आणि मे २०२३ मध्ये परत आला. ऑगस्ट २०२५ च्या कायद्याने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घातली आणि ई-स्पोर्ट्सला मान्यता दिली. सरकारने खेळाची बाजू पाहिली. तिच्याबद्दल मतभेद असू शकतात. चौकोनाची बाजू मात्र कुठेच नोंदली गेली नाही. खेळ बंद झाले, पण ते खेळतानाचे हजारो चेहरे मागे राहिले आणि एकेक करून पुसले जात आहेत. जस्टिन डॉट टीव्हीने २०१४ मध्ये बंद होताना आपला जुना साठा काढून टाकला. गावातली मुले तर स्वतःच पुसतात : प्रेक्षक आले नाहीत म्हणून, लग्न ठरले म्हणून, डिस्क भरली म्हणून.

कापलेली अकरा मिनिटे

आता भाच्याच्या त्या व्हिडिओकडे. प्रसिद्ध झालेला व्हिडिओ साधारण आहे. बस निघते, हॉर्न वाजतो, दोन विनोद होतात, एक अपघात, त्यावर ठरलेले ओरडणे. शंभर लोकांनीही तो पाहिला नाही. मी मूळ रेकॉर्डिंग मागितले. त्याने आढेवेढे घेतले. 'मामा, त्यात मधीच पप्पा आलेत. काय बघायचं त्यात?'

दाजी एसटीत चालक होते, निवृत्त झाले. मूळ फाइलमध्ये विसाव्या मिनिटाच्या सुमाराला चौकोनात मुलाच्या मागे एक खांदा दिसू लागतो. चेहरा चौकटीबाहेर. खेळात घाटरस्ता लागलेला आहे. बराच वेळ कोणी बोलत नाही. भाचा त्याचे यूट्यूबचे बोलणे विसरतो. मग मागून आवाज येतो : 'आरं, चढाला लागायच्या आधीच गेर टाक. मग टाकून काय उपेग?' भाचा काहीतरी दाबतो. 'हां. आता हा करंजी घाट समज. समोरून उसाची ट्राली यायली. ती काय थांबत नसती. तू थांबायचं.' समोर ट्रॉली नसते. जावाच्या त्या रस्त्यावर उसाची ट्रॉली नाहीच. तरी भाचा बस थांबवतो. रिकाम्या रस्त्यावर लालपरी उभी राहते. चौकोनात मुलाचे डोळे पडद्यावर खिळलेले आणि मागे तो खांदा किंचित पुढे झुकलेला. थोड्या वेळाने आवाज येतो, 'गेली. चल.'

ही अकरा मिनिटे त्याने कापून टाकली होती. त्यात रिअ‍ॅक्शन नव्हती, विनोद नव्हता, 'मित्रांनो' नव्हते. वर मी जी कसोटी सांगितली ती लावून पाहा : चौकोन झाकला तर एक बस उगाच थांबलेली दिसते, खेळ झाकला तर एक मुलगा आणि एक खांदा गप्प बसलेले दिसतात. दोन्ही एकत्र पाहिल्यावरच कळते की तिथून एक ट्रॉली गेली. आणि असेही कळते, की तीस वर्षे ज्याची फक्त पाठ लोकांनी पाहिली, तो चालक आता वाहकाच्या जागी उभा राहून रस्ता सांगतो आहे.

मी भाच्याला म्हटले, हीच अकरा मिनिटे टाक. तो म्हणाला, 'लोकं हसतील पप्पांच्या बोलण्याला.' त्याच्या या वाक्याला माझ्याकडे समीक्षकाचे उत्तर नव्हते. हसणारे हसतीलही. ते वडिलांचे बोलणे आहे आणि ते दाखवायचे की नाही हा अधिकार त्या घराचा. मी एवढीच विनंती केली की फाइल पुसू नको. तिची एक प्रत आता माझ्याकडे आहे. जिल्ह्याजिल्ह्यांत जुनी वाचनालये आहेत, वस्तुसंग्रहालये आहेत. तिथे ताम्रपट आणि पोथ्या जपल्या जातात. घरच्यांच्या संमतीने अशा काही फाइली तिथे ठेवता येतील का, हा प्रश्न मी या अंकाच्या वाचकांपुढे ठेवतो. पन्नास वर्षांनी २०२० नंतरच्या खेड्यातली खोली, तिथले बोलणे, तिथला बाप-मुलगा कसा होता, हे शोधणाऱ्याला कादंबऱ्यांइतकाच या कापलेल्या मिनिटांचा उपयोग होईल.

ती फाइल पूर्ण नाही. एकतिसाव्या मिनिटाला घाट संपतो. दाजी म्हणतात, 'सरक जरा.' चौकोनात डावीकडून एक हात येतो आणि कीबोर्डकडे जातो. पुढे त्यांनी बस चालवली असेल, की नुसता हॉर्न वाजवून पाहिला असेल, हे रेकॉर्डिंगवरून सांगता येत नाही, कारण तेवढ्यात वीज गेली. एमकेव्ही असल्यामुळे तो हात तेवढा वाचला.